रंगमंचावरील रक्तविधीचे मायावी रसायन : तयारीपासून प्रयोगानंतरच्या साफसफाईपर्यंत

हौशी नाट्यसंस्थेच्या नाटकात मांत्रिक, शापित घराणे किंवा अमरत्वाचा ध्यास घेतलेला राजा आला, की बहुधा एखादा रक्तविधी येतो आणि त्या विधीच्या मध्यभागी एक मायावी रसायन येते. संहितेत त्यासाठी एकच ओळ असते : ‘रसायन लाल होते, ती ते पिते.’ ही ओळ प्रत्यक्षात आणण्याचे काम रंगसाहित्य सांभाळणाऱ्यावर येते आणि वेळेअभावी सरबतात लाल रंग मिसळून ते उरकले जाते. प्रेक्षक असे लाल पाणी पाहताच ओळखतो, आणि पुढचा सगळा प्रसंग नटांना स्वतःच्या खांद्यावर वाहावा लागतो. हे टाळणे अवघड नाही. त्यासाठी लागणारे जवळजवळ सगळे साहित्य किराणा दुकानात, पानाच्या टपरीवर आणि केकचे साहित्य विकणाऱ्या दुकानात मिळते.

सोयीसाठी एक काल्पनिक विधी गृहीत धरू. रसायनाचे नाव ‘रक्तसंजीवन’. मांत्रिकासमोर पिवळ्या द्रवाचे पात्र आहे. तो स्वतःच्या तळहातावर सुरी ओढतो, रक्ताचे थेंब पात्रात पडतात, वरून तीर्थ ओतले जाते, द्रव लाल होत जातो आणि शेवटी नायिका ते रसायन पिते. यात रंग बदलणारा द्रव, तळहातातून निघणारे रक्त आणि प्यायचे रसायन अशा तीन स्वतंत्र गोष्टी आहेत. प्रेक्षकाला त्या एकच वाटल्या पाहिजेत. पडद्यामागे मात्र त्या तीन वेगळ्या बाटल्यांत, तीन वेगळ्या चिठ्ठ्या लावून ठेवल्या पाहिजेत. जे पात्रात ओतले जाते ते कोणाच्याही पोटात जाणार नाही, हा नियम पहिल्या तालमीपासून पाळावा.

पहिली पायरी : रसायनाचे वर्तन कागदावर ठरवणे

द्रव तयार करण्याआधी दिग्दर्शक, प्रकाशयोजनाकार आणि रंगसाहित्य पाहणारी व्यक्ती यांनी एकत्र बसून ते रसायन कसे वागते हे लिहून काढावे. ते दाट आहे की पातळ, कशाच्या स्पर्शाने बदलते, बदल एका क्षणात होतो की हळूहळू, विधी बिघडला तर त्याचे काय होते, आणि पिणाऱ्याच्या ओठांवर त्याची खूण उरते की नाही, या प्रश्नांची उत्तरे ठरली की कृती आपोआप ठरते. माझ्या मते प्रेक्षकाचा विश्वास रंगापेक्षा या वर्तनावर जास्त बसतो. रंगमंचावरील चार माणसे एखाद्या पात्राला ओलांडून जात नसतील, ते उचलताना दोन्ही हात लावत असतील आणि त्यात पडणाऱ्या थेंबाकडे श्वास रोखून पाहत असतील, तर त्या पात्रातील द्रवाला आधीच अर्धी शक्ती मिळालेली असते.

विधीची भाषा आणि क्रिया रचताना आपल्या रसशास्त्राकडे, म्हणजे पारा व धातूंपासून औषधे करण्याच्या जुन्या शास्त्राकडे, जरूर पाहावे. पाऱ्याच्या संस्कारांची स्वेदन, मर्दन, मूर्च्छन, उत्थापन, पातन ही नावे, तसेच खल, मूषा (धातू वितळवण्याचे भांडे), पुट (बंद भांड्यात भाजणे), भावना (द्रवात भिजवून घोटणे) हे शब्द मराठी कानाला परके नाहीत आणि त्यांना स्वतःची लय आहे. मांत्रिकाने खलात काही घोटणे, त्याला सात भावना देणे, मग ते पात्रात सोडणे, या क्रियांनी प्रसंगाला कामाचा क्रम मिळतो. बळीसाठीही आपल्याकडे दृश्यभाषा तयार आहे : अनेक ठिकाणी पशूच्या जागी कोहळा कापून त्याला कुंकू लावतात, आणि कुंकवाने माखलेला चिरलेला कोहळा दिसला की प्रेक्षकाला बळीचा अर्थ सांगावा लागत नाही. कोणत्याही देवतेचा प्रत्यक्ष पूजेतील मंत्र मात्र या विधीत वापरू नये. काल्पनिक विधीसाठी काल्पनिक ध्वनीच योग्य, आणि नटालाही ते मोकळेपणाने उच्चारता येतात.

दुसरी पायरी : रंग बदलणारा द्रव

हळदीतील कुरकुमीन हे रंगद्रव्य आम्लात आणि साध्या पाण्यात पिवळे राहते, तर अल्कलीत तांबूस लाल होते. पांढऱ्या कपड्यावर पडलेल्या हळदीच्या डागाला साबण लावताच तो लाल होतो, त्यामागे हेच कारण आहे. आपल्या पिवळ्या रसायनाचे रक्तात रूपांतर करण्यासाठी याहून स्वस्त आणि खात्रीचा मार्ग मला माहीत नाही.

एक लिटर पाण्यात एक सपाट चहाचा चमचा हळद घालून दोन-तीन मिनिटे उकळावी आणि गार झाल्यावर दुहेरी सुती फडक्यातून दोनदा गाळावी. कुरकुमीन पाण्यात फार कमी विरघळते, त्यामुळे न गाळलेल्या पाण्यात हळदीचा गाळ तळाशी बसतो आणि प्रकाश पडताच तो दिसतो. दुसरीकडे २०० मिलिलिटर पाण्यात अर्धा चहाचा चमचा खायचा चुना ढवळून झाकून ठेवावा. काही तासांनी चुना तळाशी बसतो आणि वर नितळ निवळी राहते. ती अलगद दुसऱ्या बाटलीत काढून घ्यावी. ही निवळी साध्या पाण्यासारखी दिसते, म्हणूनच ती विधीतील ‘तीर्थ’ म्हणून शोभते. एक लिटर हळदीच्या पाण्यात सुमारे १०० मिलिलिटर निवळी ओतली, की द्रव पिवळ्यातून नारिंगीकडे आणि तिथून लालसर होत जातो. वरून बारीक धारेने ओतल्यास पिवळ्या द्रवात लाल रंगाच्या वेटोळ्या उतरताना दिसतात, आणि हा क्षण खरोखर सुंदर असतो. त्यासाठी मांत्रिकाला घाई न करण्याची सवय लावावी.

यात लक्षात ठेवण्यासारखे तीन मुद्दे आहेत. पहिला, चुन्याची निवळी तीव्र अल्कली आहे. ती डोळ्यात गेल्यास गंभीर इजा होऊ शकते, त्यामुळे ती शिंपडणे, उधळणे किंवा कोणाच्या अंगावर ओतणे या क्रिया विधीत ठेवूच नयेत. पडद्यामागे स्वच्छ पाण्याची मोठी बाटली हाताशी असावी, आणि चुकून डोळ्यात थेंब उडालाच तर डोळा बराच वेळ वाहत्या पाण्याने धुऊन डॉक्टरांकडे जावे. दुसरा, अल्कलीत कुरकुमीन टिकत नाही. ते वेगाने विघटित होते आणि लाल रंग थोड्याच वेळात मळकट तपकिरी होऊ लागतो. म्हणून लाल द्रव आधी तयार करून ठेवणे उपयोगाचे नाही; तो प्रेक्षकांसमोरच घडला पाहिजे आणि प्रसंग लांबला तर पात्र दृष्टीआड गेले पाहिजे. तिसरा मुद्दा पाण्याचा. बोअरवेलचे जड पाणी चुन्याचा काही भाग खाऊन टाकते आणि द्रव गढूळही करते. पुण्यात जमलेले प्रमाण सोलापूरच्या केंद्रावर जमेलच असे नाही, त्यामुळे दौऱ्यावर पाणी सोबत न्यावे किंवा त्या गावी पोहोचताच छोट्या ग्लासात चाचणी घ्यावी.

संहितेत विधी उलटण्याचा प्रसंग असेल, तर याच द्रवात लिंबाचा रस पुरेसा पिळताच तो पुन्हा पिवळा होतो. रसायनाने रक्त नाकारले, हे सांगण्यासाठी याहून नेमकी खूण सापडणार नाही. निवळी जितकी जास्त, तितका लिंबाचा रस जास्त लागतो, म्हणून त्याचेही माप तालमीत ठरवावे.

ज्यांना निळ्यातून जांभळा असा बदल हवा आहे, त्यांनी गोकर्णाची फुले वापरावीत. दहा-बारा निळी फुले दोन कप गरम पाण्यात दहा मिनिटे ठेवून गाळली, की गडद निळे पाणी मिळते. त्यात लिंबाचे काही थेंब पडताच ते जांभळे होते आणि आणखी रस पडला की किरमिजी गुलाबी होते. रंग हळदीइतका रक्ताजवळ जात नाही, मात्र स्वच्छ फुले आणि स्वच्छ भांडे वापरल्यास हा द्रव पिता येतो, आणि रंग बदलणारे तेच पात्र ओठाला लावायचे असेल तर, सुरुवातीच्या नियमाला एकमेव अपवाद म्हणून, हाच मार्ग धरावा. हे पाणी त्याच दिवशी वापरावे.

तिसरी पायरी : तळहातातील रक्त

रक्त पाण्यापेक्षा साधारण तीन-चार पट घट्ट असते, आणि नुसत्या रंगीत पाण्याचे ‘रक्त’ खोटे वाटण्याचे मोठे कारण हेच आहे. २०० ग्रॅम लिक्विड ग्लुकोजमध्ये (केकच्या साहित्यात मिळणारा दाट, रंगहीन पाक) ५० मिलिलिटर कोमट पाणी हळूहळू मिसळावे. त्यात खाण्याचा लाल रंग थोडा थोडा घालत जावे, मग एक चहाचा चमचा कोको पावडर थोड्या पाण्यात कालवून घालावी आणि शेवटी हिरव्या किंवा निळ्या खाण्याच्या रंगाचा एखादाच थेंब टाकावा. कोकोमुळे द्रव अपारदर्शक होतो आणि हिरव्या थेंबामुळे लालातील गुलाबी झाक मरते. हे मिश्रण ट्यूबलाइटखाली जरा जास्तच काळपट वाटते. रंगमंचाच्या उबदार प्रकाशात ते बरोबर दिसते. बीटचा रस अनेकजण वापरतात, पण प्रकाशात त्याची जांभळट गुलाबी झाक उघडी पडते, त्यामुळे मी तो सुचवणार नाही.

या मिश्रणाचे दोन भाग करावेत. तोंडाजवळ जाणारा भाग तसाच ठेवावा. कपड्यांवर सांडणाऱ्या भागात दोन चमचे भांडी घासण्याचा द्रव साबण मिसळावा म्हणजे डाग सहज निघतो, आणि त्या बाटलीवर ‘तोंडात घालू नये’ असे ठळक लिहावे.

सुरी खरी नसावी. ॲल्युमिनियमच्या किंवा लाकडाच्या पात्याची, धार पूर्ण घासून गोल केलेली सुरी बनवून घ्यावी. पात्याच्या प्रेक्षकांकडे न दिसणाऱ्या बाजूला घट्ट रक्ताची एक रेघ आधीच लावून ठेवावी. मांत्रिकाने पाते तळहातावर दाबून ओढले की हातावर लाल रेघ उमटते. लगेच थेंब पडायला हवेत, म्हणून दुसऱ्या हाताच्या तळव्यात अंगठ्याच्या बुडाशी रक्तात भिजवलेला स्पंजचा लहान तुकडा लपवावा. रेघ उमटल्यावर तो हात जखमेच्या हाताला धरतो, मूठ आवळतो आणि थेंब पात्रात पडतात. ही देवाणघेवाण नटाने आरशासमोर पुरेशा वेळा करावी, कारण हात कोणत्या कोनात धरला म्हणजे स्पंज दिसत नाही, हे त्याला स्वतःच शोधावे लागते. तळहाताला हळद आणि सुरीला चुन्याचे पाणी लावूनही लाल रेघ उमटते. परंतु प्रयोगामागून प्रयोग चुना कातडीला लावणे योग्य नाही.

चौथी पायरी : प्यायचे रसायन

येथे कोकमाला पर्याय नाही. आमसुलाचा गडद लाल रंग आंबट द्रवात टिकतो, चव ओळखीची असते आणि कोकणातल्या संस्थांना तर ते घरचेच आहे. ५० ग्रॅम आमसुले अर्धा लिटर कोमट पाण्यात दोन तास भिजवून, कुस्करून, गाळून घ्यावीत आणि चवीपुरता गूळ घालावा. कोकम आगळ वापरू नये. त्यात मीठ भरपूर असते आणि प्रसंगानंतर नायिकेचा घसा कोरडा पडतो. दाटपणा हवा असेल तर एक चहाचा चमचा कॉर्नफ्लोअर पाव लिटर पाण्यात शिजवून, गार करून, मग त्यात हे कोकमाचे पाणी मिसळावे. कोकमाबरोबर कॉर्नफ्लोअर उकळत ठेवल्यास आंबटपणामुळे दाटपणा कमी होतो. रंग फिका वाटला तर चिमूटभर कोको पुरेसा होतो.

प्याल्यात दोन घोटांपेक्षा जास्त द्रव ठेवू नये. गोड आणि दाट पेय घशात रेंगाळते आणि त्यानंतर लगेच मोठे स्वगत असेल तर आवाजावर परिणाम होतो. तालमीच्या सुरुवातीलाच पिणाऱ्या नटाला मधुमेह किंवा कशाची ॲलर्जी आहे का, हे विचारून घ्यावे. पेय प्रयोगाच्या दिवशीच करावे आणि प्याला विंगेतून आत जाईपर्यंत झाकून ठेवावा.

भांड्याची निवड फार महत्त्वाची आहे. पितळेचा किंवा तांब्याचा प्याला रंगमंचावर देखणा दिसतो, पण कल्हई नसलेल्या भांड्यात कोकम किंवा लिंबू कळकते आणि तांबे पेयात उतरते. म्हणून कल्हई केलेला प्याला घ्यावा, नाहीतर स्टीलच्या प्याल्याला केवळ बाहेरून जुनाट सोनेरी रंग द्यावा, ओठ लागतात तो काठ मात्र कोरा ठेवावा.

शेंदूर, हिंगूळ, अळता, रांगोळीचे किंवा होळीचे रंग यांपैकी काहीही प्यायच्या द्रवात किंवा ओठांवर येता कामा नये. पारंपरिक शेंदूर शिशाचा असतो आणि हिंगूळ पाऱ्याचा. दोन्ही विषारी आहेत. प्रयोगशाळेतील रसायने वापरून लाल रंग आणण्याच्या युक्त्या महाविद्यालयीन संघांना मोहात पाडतात. ज्या रंगमंचावर कोणीतरी काहीतरी पिणार आहे, तिथे त्या आणूच नयेत.

पाचवी पायरी : अदलाबदल

पात्रातील पिवळा द्रव लाल झाला आहे आणि आता नायिकेच्या हातात प्याला आला पाहिजे. सर्वांत साधी रचना अशी : वेदीच्या मागच्या, प्रेक्षकांना न दिसणाऱ्या कडेवर कोकम भरलेला प्याला आधीच ठेवलेला असतो आणि त्याच्यासारखाच दिसणारा रिकामा प्याला वेदीवर समोर असतो. मांत्रिक रिकामा प्याला उचलतो, प्रेक्षकांकडे पाठ करून पात्रावर वाकतो, पळीने भरल्याचा अभिनय करतो, रिकामा प्याला मागे ठेवतो आणि भरलेला घेऊन वळतो. या वेळी इतर पात्रांचे मंत्रोच्चार वाढवावेत किंवा एखाद्याला गुडघ्यांवर कोसळू द्यावे, म्हणजे नजर तिकडे जाते. पळी पात्रातील द्रवात कधीही बुडवू नये. भरलेल्या प्याल्याच्या तळाला बोटाला जाणवेल अशी दोऱ्याची गाठ चिकटवावी. नायिकेने तो स्वीकारताना गाठ चाचपावी आणि गाठ नसेल तर न पिता केवळ पिण्याचा अभिनय करावा, असे आधीच ठरलेले असावे. तिसरी घंटा होण्यापूर्वी दोन्ही प्याले एकाच जबाबदार व्यक्तीने तपासावेत.

सहावी पायरी : प्रकाश

एवढी मेहनत एका चुकीच्या जेल पेपरने, म्हणजे दिव्यापुढे लावायच्या रंगीत पारदर्शक कागदाने, वाया जाऊ शकते. रक्तविधी म्हणजे लाल प्रकाश, ही सवय इतकी रुजलेली आहे की तिच्याविरुद्ध आग्रहाने बोलावे लागते. लाल प्रकाशात लाल द्रव, पिवळा द्रव आणि पांढरा कपडा जवळजवळ सारखेच उजळ दिसतात. त्यामुळे रंगबदल प्रेक्षकाला कळतच नाही. निळ्या किंवा हिरव्या प्रकाशात तेच लाल रक्त काळे दिसते. पिवळ्यातून लाल हा बदल दाखवायचा असेल तेव्हा पात्रावर रंगहीन, किंचित उबदार पांढरा प्रकाश हवा. बाकीचा रंगमंच निळसर अंधारात ठेवण्यास हरकत नाही. उलट त्यामुळे पात्र उठून दिसते. ‘एलईडी पार’ प्रकारचे रंगमंचाचे दिवे वापरत असाल, तर लाल, हिरवा आणि निळा मिसळून केलेला पांढरा आणि खरा उबदार पांढरा यांत रक्ताचा रंग वेगळा दिसतो, हे तांत्रिक तालमीत स्वतः शेवटच्या रांगेत बसून पाहावे.

त्याच रांगेतून पितळी पात्राच्या आतले काहीही दिसत नाही. म्हणून रंग बदलणाऱ्या द्रवासाठी मोठे, जाड काचेचे गोल पात्र घ्यावे, ते वेदीवर उंच ठेवावे आणि त्याच्या मागून किंवा खालून बॅटरीवर चालणारा छोटा दिवा लावावा. प्रकाश द्रवातून आरपार आला की लाल वेटोळ्या बाल्कनीतूनही दिसतात. विजेची वायर ओल्या वेदीजवळ नेऊ नये.

रसायन अंधारात चमकावे असे हवे असेल, तर टॉनिक वॉटर उपयोगी पडते. त्यातील क्विनीनमुळे ते अतिनील दिव्याखाली निळसर चमकते. ते पात्रात दिसण्यासाठी ठेवावे. नटाला पाजण्याचे कारण नाही. धुरासाठी कोरडा बर्फ (गोठवलेला कार्बन डायऑक्साइड) मात्र हौशी संस्थांनी टाळावा. त्याचे तापमान उणे ७८ अंश सेल्सिअस असते, स्पर्शाने त्वचा जळते, बंद विंगेत त्याचा वायू साठतो आणि प्याल्यात पडलेला तुकडा गिळला गेल्यास जीवावर बेतू शकते.

प्रेक्षकांशी प्रामाणिकपणा

हळद-चुन्याची हीच क्रिया आणि जास्वंद चोळलेल्या सुरीने लिंबू कापून ‘रक्त’ काढण्याची युक्ती भोंदू लोक खऱ्या माणसांना घाबरवण्यासाठी वापरत आले आहेत. १९८९ साली स्थापन झालेल्या महाराष्ट्र अंधश्रद्धा निर्मूलन समितीचे कार्यकर्ते अशा युक्त्या गावोगावी उघड करून दाखवतात, आणि २०१३ साली राज्यात नरबळी, अघोरी प्रथा व जादूटोणा यांविरुद्धचा कायदा झाला. नाटकातील काल्पनिक विधी त्या कायद्याच्या विरोधात जात नाही. पण नाटक पाहून कोणी ते रसायन औषध समजून मागायला आले, तर त्याला आत नेऊन हळद आणि चुना दाखवावा. ग्रामीण केंद्रावर किंवा शाळेत प्रयोग असेल, तर प्रयोगानंतर रंगमंचावरच ती क्रिया करून दाखवावी असे मी आग्रहाने सांगेन. मुले नंतर घरी जाऊन ती करून पाहतात, म्हणून चुन्याबद्दलची सूचनाही त्याच वेळी द्यावी.

साफसफाई

ग्लुकोजचे रक्त जमिनीवर सांडले की ते अतिशय निसरडे होते, आणि विधीनंतर अनेकदा अनवाणी नृत्य किंवा झटापट असते. वेदीखाली काळे, पाणी शोषणारे कापड खिळवून किंवा चिकटपट्टीने घट्ट बसवावे आणि ब्लॅकआउटमध्ये ते गुंडाळून बाहेर नेण्याचे काम एका ठरलेल्या व्यक्तीकडे द्यावे. खुल्या रंगमंचावर साखरेला मुंग्या येतात, त्यामुळे लेव्हल (रंगमंचावरील उंच चौथरे) लगेच ओल्या फडक्याने पुसाव्यात. कपडे आधी गार पाण्यात भिजवावेत. साबण नंतर लावावा. हळदीच्या पाण्याचा डाग धुतल्यावर पिवळा राहिला तर कपडा उन्हात वाळवावा, कारण सूर्यप्रकाशात कुरकुमीन विटते. निवळी आणि हळदीचे पाणी भरपूर पाण्याबरोबर मोरीत सोडावे. प्याले गरम पाण्याने धुऊन, कोरडे करून वेगळ्या डब्यात ठेवावेत आणि पुढच्या प्रयोगासाठी सगळे द्रव नव्याने करावेत. उरलेले कोकम दुसऱ्या दिवशी कोणालाही पाजू नये.